कप्तान मिकेलचा आवाज

"हे मी बोललेलो नाही!"

पंढरीनाथ कोचरेकरांनी हातातली बशी टीपॉयवर अशी आदळली की निम्मा चहा पेपरावर सांडला. समोर गवार मोडत बसलेल्या गिरिजाबाईंनी दचकून टीव्हीकडे पाहिलं. टीव्हीवर दुपारची मालिका चालली होती आणि म्हातारा कप्तान मिकेल धक्क्यावर उभा राहून समुद्राशी बोलत होता. कप्तान परदेशी, बोलणं मराठी आणि आवाज कोचरेकरांचा, हे एव्हाना नवघरच्या त्या अख्ख्या बिल्डिंगला ठाऊक झालं होतं.

"समुद्रा," कप्तान म्हणत होता, "तुज्याकडं माजा काय मागना न्हाय. तू माजा बाप नेलास, भाव नेलास, मी काय बोललो न्हाय. पन माजी बायको तं घरात खाटंवर गेली. तिला तू न्हाय नेलीस. मंग आता मी भांडू कुनाशी?"

गिरिजाबाईंचे डोळे भरून आले. "किती छान बोललात हो," त्या म्हणाल्या.

"कानात बोळे घातलेत का तुझ्या? सांगतोय ना, हा सीन मी केलेलाच नाही. कुणीतरी माझी नक्कल मारलीय."

"अहो, तुमचाच आवाज आहे. मी ओळखणार नाही का?"

"तीस वर्षं हा गळा मी वापरतोय का तू वापरतेस? तो मघाचा खोकला ऐकलास? मी कोरडा खोकतो. हा ओला खोकला आहे." पंढरीनाथांनी खोकून दाखवलं. मान खाली घालून एकच गवारीची शेंग गिरिजाबाई कितीतरी वेळ मोडत बसल्या. ते पंढरीनाथांनी बरोबर टिपलं.

"आणि तू खाली का बघतेस?"

आता माणूस गवार मोडताना खाली नाही बघणार तर काय छताकडे बघणार? पण पंढरीनाथांना हे कोण सांगणार? पूर्वी हा माणूस असा नव्हता. तिरसट होता, नाकाच्या शेंड्यावर राग होता, पण मनात पाप नसायचं. गेल्या वर्षभरात मात्र संशयाचं भूत मानगुटीवर बसलं होतं. चष्मा जागेवर नाही, म्हणजे कामवालीने हलवला. पेपर उशिरा आला, म्हणजे खालच्या शहाने आधी वाचून पाठवला. दूधवाला पाणी घालतो, केबलवाला मुद्दाम आपल्याच घराचं चित्र खराब करतो आणि बायको आपल्या पाठीमागे कुणाशी तरी हळू आवाजात बोलते. या सगळ्यात दूधवाल्याचं तेवढं खरं होतं.

या एका आवाजासाठी त्यांनी जन्म घालवला होता, हेही सांगायला हवं, नाहीतर माणूस नुसताच चक्रम वाटेल. गिरगावात असताना त्यांनी ऑफिस सांभाळून नाटकं केली. सत्त्याऐंशी साली ती खोली विकून ते भाईंदर पूर्वेला, नवघरला आले. तेव्हा समोर मिठागरं दिसायची. त्याच सुमाराला टीव्हीवर कामं मिळू लागली: इन्स्पेक्टर, सरकारी वकील, मुलीचा हताश बाप. कामं चोख करायचे, पण चेहरा असा की कुणाच्या लक्षात राहू नये. रस्त्यात लोक थांबवून विचारायचे, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय. विम्याचं काम करता का?" मग नव्वदनंतर केबल आली, परदेशी मालिकांना मराठी-हिंदी आवाज द्यायचं काम निघालं आणि चेहऱ्याने जे कधी दिलं नाही ते गळ्याने दिलं. कोचरेकर डबिंग करू लागले. त्यातही राक्षस, अस्वल, जादूगार असलं काही-बाही केल्यावर अखेर सत्त्याण्णव साली त्यांना कप्तान मिकेल मिळाला.

मीरा रोडला एका इमारतीच्या तळमजल्यावर, भिंतींना अंड्यांचे ट्रे चिकटवलेला तो स्टुडिओ होता. तो चालवायची सुचेता म्हणून एक तरतरीत बाई. पहिल्याच दिवशी तिने सांगितलं होतं, "काका, ही मालिका बास्क लोकांची आहे. स्पेन आणि फ्रान्सच्या सांध्यावर राहतात. त्यांची भाषा शेजारच्या कुणाच्या भाषेशी नातं सांगत नाही. बोलणारे एवढे थोडे की आपल्या ठाणे जिल्ह्यात मावतील. चॅनेलला स्वस्तात मिळाली. कोळ्यांची गोष्ट आहे, म्हणून आपणही कप्तानाला कोळ्यांचं मराठी द्यायचं."

पडद्यावर तो बास्क नट दिसला. टकला, जाड भुवयांचा, यांच्याच वयाचा. हेडफोनमध्ये त्याचा खोल, खरखरीत आवाज आला, एक अक्षर कळलं नाही आणि पंढरीनाथांचा त्याच्यावर जीव जडला. "बिचारा आपल्यासारखाच," ते गिरिजाबाईंना म्हणाले होते. "एवढं जीव तोडून करतोय, पण चार गावांपलीकडे त्याला कोण ओळखणार?" त्या दिवसापासून तो नट जणू यांचा भाऊच झाला. मालिकेच्या शेवटी त्याचं नाव यायचं, यांचं नाही. डबिंगवाल्यांची नावं द्यायची पद्धतच नव्हती. पण नवघरच्या भाजीवालीपासून बँकेतल्या कारकुनापर्यंत सगळे यांना कप्तान म्हणू लागले. वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी माणसाला पहिल्यांदा कुणी ओळखू लागलं, तर तो ते सुखासुखी सोडेल का?

म्हणून तर नक्कल मारणारा कोण, हा प्रश्न एवढा जिव्हारी लागला होता. आणि उत्तर शोधायला फार लांब जायची गरज नव्हती. संशय घ्यायला माणूस तयारच होता.

विल्सन. उत्तनचा. तिशी ओलांडलेला, दणकट, चर्चमध्ये गाणारा आणि सणाला गावात नाटकं बसवणारा. कप्तानाचं कोळी बोलणं तपासायला म्हणून सुचेताने त्याला आणलं होतं. सुरुवातीला तो कोपऱ्यात बसून "काका, असा न्हाय बोलत आमचं लोक" एवढं म्हणायचा. मग हळूहळू कोपरा सोडून माईकजवळ आला. मग यांच्या खुर्चीशेजारी स्टूल टाकून बसू लागला. पुढे पुढे तर यांच्या पाठीशी उभाच राहायचा. यांचा चष्मा लागेनासा झाला, तर संवाद वाचून दाखवायचा. यांना पाणी द्यायचा. रविवारी ताजे बोंबील घेऊन घरी यायचा आणि गिरिजाबाईंशी स्वयंपाकघरात कुजबुजायचा.

आता तुम्हीच सांगा, फुकटचे बोंबील कोण कुणाला देतं?

"बसतो पाठीशी आणि ढब चोरतो," पंढरीनाथ त्या दुपारी येरझाऱ्या घालत म्हणाले. "माझे सगळे संवाद त्याला तोंडपाठ असतात. का असतात? मला विचारतो, काका, तुमी हसताना श्वास आत घेता का भायेर सोडता? कशाला हवंय तुला? मी मूर्ख, मी सगळं शिकवत बसलो. आणि स्टुडिओवाल्यांनी मला न बोलावता त्याच्याकडून सीन उरकून घेतला!"

"विल्सन असं करायचा नाही हो," गिरिजाबाई म्हणाल्या.

"तू त्याची बाजू का घेतेस?"

"बाजू कसली? पोरगा सरळ आहे."

"सरळ! सरळ माणूस बायकांशी स्वयंपाकघरात काय बोलतो?"

यावर गिरिजाबाईंचा चेहरा असा उतरला की यांची खात्रीच पटली. काहीतरी शिजत होतं आणि यांना सोडून सगळ्यांना ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी ते स्टुडिओत वेळेआधी पोहोचले. बाहेरच्या बाकावर बसून त्यांनी काचेतून पाळत ठेवली. आत विल्सन एकटाच माईकपुढे उभा होता. हातात कागद, ओठ हलताहेत. पंढरीनाथांनी दार हळूच ढकललं आणि ऐकलं. अगदी यांच्याच खर्जात, यांच्याच संथ लयीत विल्सन कप्तानाचं वाक्य म्हणत होता. पुढे यांच्यासारखाच खोकलासुद्धा.

"पकडला चोर!" ते ओरडले.

विल्सनच्या हातातला कागद खाली पडला. "काका, मी जरा वाचीत होतो. तुमाला सांगायला सोपा पडल म्हनून."

"मला सांगायला? मला? अरे, तू बोट घेऊन मासे मारत होतास तेव्हा मी स्टेजवर होतो! समुद्राचा तो सीन कुणी केला? खरं बोल. बायको मेल्याचा सीन कुणी केला?"

विल्सन सुचेताकडे बघू लागला. ती आवाज ऐकून आतून धावत आली होती. दोघांच्या नजरा एकमेकांना भेटल्या आणि लगेच खाली गेल्या. पंढरीनाथ काय आंधळे होते?

"बघा, बघा! एकमेकांकडे बघताय. सांगायचं होतं ना तोंडावर, काका, तुम्ही म्हातारे झालात, आम्हाला स्वस्तातला माणूस मिळालाय."

"काका, तो सीन तुम्हीच केलात," सुचेता हळू म्हणाली.

"मग मला वेड लागलंय का?"

सुचेताने काही उत्तर दिलं असतं तरी त्यांनी ऐकून घेतलं नसतं. त्यांच्या कपाळावरची शीर तटतटून फुगली होती.

"हे बघ सुचेता," ते म्हणाले, "एक तर हा राहील, नाहीतर मी. आत्ता सांग."

"काका, असं नका करू. विल्सन हवाय आपल्याला. तुम्हाला हवाय."

"मला? मला याची गरज? मी एकट्याने रंगमंच तोलून धरलेला माणूस आहे!"

मग विल्सननेच खाली पडलेला कागद उचलला, नीट सरळ केला आणि यांच्या खुर्चीवर ठेवला. "बरा हाय काका," तो म्हणाला. "मी जातो. तुमी रागावू नका, गळा बसल." एक शब्द उलट नाही, एक खुलासा नाही. जाताना त्याने यांचा चष्मा खिडकीतून उचलून कागदाशेजारी आणून ठेवला.

हा चष्मा खिडकीत कुणी ठेवला होता? यानेच ठेवला असणार, पंढरीनाथांच्या मनात आलं. तिथेसुद्धा संशयच!

घरी आल्यावर त्यांनी विजयाची बातमी दिली. गिरिजाबाई मटकन खाली बसल्या. "अहो, काय करून बसलात तुम्ही!" एवढंच त्यांच्या तोंडून निघालं. कारण विचारलं तर म्हणाल्या, काही नाही, चक्कर आली. त्या दिवशी त्यांना जेवण गेलं नाही. यांनी मात्र दोनदा भात घेतला आणि आता कप्तान कसा कडाडतो बघ म्हणून सांगितलं.

पुढचं रेकॉर्डिंग तुफानाच्या भागाचं होतं. कप्तानाच्या मुलाची बोट परत आलेली नाही, सगळं गाव धक्क्यावर जमलंय आणि म्हातारा सगळ्यांना धीर देतो, असा तो प्रसंग. पंढरीनाथ एकटेच आत गेले. हेडफोन चढवला. कागद डोळ्यांपुढे धरला. लाल दिवा लागला. पडद्यावर बास्क नटाने मान वर केली, श्वास घेतला आणि त्याचे ओठ हलले.

पंढरीनाथांना काहीच आठवेना.

कागद तर समोर होता. अक्षरं दिसत होती. पण कुठल्या ओळीवर आहोत ते कळेना. एका ओळीवरून नजर उचलून पडद्याकडे नेली की ती ओळ गेलीच. परत कागदाकडे पाहावं तर सगळं नवं. कप्तान पडद्यावर बोलून मोकळा झाला, गाव रडू लागलं आणि हेडफोनमध्ये त्या परक्या भाषेचा खोल आवाज नुसता गर्जत राहिला.

"पुन्हा घेऊ काका," काचेपलीकडून सुचेता म्हणाली.

पुन्हा घेतलं. या वेळी ते बोलले, छान, भरघोस बोलले. पण काचेपलीकडे सुचेताने कपाळाला हात लावलेला त्यांना दिसला. "काका," ती म्हणाली, "हा मागच्या भागातला संवाद झाला. समुद्राचा."

"कुठला समुद्राचा?"

"आत्ता तुम्ही म्हणालात तो. तू माजा बाप नेलास, भाव नेलास."

"स्क्रिप्ट बदललीत तुम्ही," पंढरीनाथ म्हणाले, पण आवाजात दम नव्हता. "मला पाडायला बदललीत. कोण सामील आहे अजून? सांग ना! सगळे मिळून माझ्यापासून काय लपवताय?"

सुचेता काचेपलीकडून उठून आत आली. ती यांच्यासमोर खुर्ची ओढून बसली आणि तिचे डोळे भरले होते. "काका, लपवतोय," ती म्हणाली. "खरंच लपवतोय. पण मी सांगणार नाही. तुम्हीच ऐका."

तिने समुद्राच्या सीनची कच्ची टेप लावली. मालिकेत जाते ती कापून-जोडून साफ केलेली, ही मात्र जशी भरली तशीच होती, मधल्या चुका, गप्पा सगळं असलेली. पंढरीनाथांनी हेडफोन कानावर घट्ट दाबून धरला.

आधी विल्सनचा दबका आवाज आला. "काका, हा पाठीवर हात ठेवला का बोलाचा. आदी मी कानात सांगतो, मंग तुमी. घाई न्हाय. 'समुद्रा, तुज्याकडं माजा काय मागना न्हाय.'" मग एक खोकला, ओलाच, आणि मग तोच संवाद, भरून आलेला, खोल, त्या दुपारी टीव्हीवर ऐकलेला. ओळीमागून ओळ विल्सन कानात सांगत होता आणि ओळीमागून ओळ हा आवाज ती उचलून अशी काही मोठी करत होता की ऐकणाऱ्याचा जीव गलबलावा. नक्कल करणारा कुणी नव्हता. आपला आवाज जन्मभर वापरलेल्या माणसाने आपल्याच आवाजाला नक्कल म्हटलं होतं.

सीन संपला. पण टेप पुढे चालूच होती.

"लिप बसली का रे?" टेपवर पंढरीनाथांनी विचारलं.

"बसली काका. बरोबर ओठावर बसली."

"विल्सन, इकडे ये. माईक बंद आहे ना?" तो काही बंद नव्हता. "काल मी नवघर नाक्यावर उभा राहिलो आणि माझं घर कुठल्या गल्लीत ते मला आठवेना. पानवाल्याला विचारायची लाज वाटली. तो मला कप्तान म्हणतो रे. कप्तानाने घर विचारायचं? मग हिच्यासारखी कुणीतरी पिशवी घेऊन जाताना दिसली म्हणून मागोमाग गेलो. तर हीच होती."

"काका, डाक्टरला दाखवूया."

"दाखवू. पण कुणाला सांगू नकोस. हिला नको, ती हाय खाईल. सुचेताला कळलं तर कप्तान जाईल माझा. आयुष्यात एकदा मिळालाय रे. आणि हे बघ, उद्या मी हेही विसरेन. तुझ्यावर भडकेन, काही बोलेन, हाकलूनसुद्धा देईन. तरी सांगायचं नाहीस. मी विसरतोय हे मला कधी कळता कामा नये. घे शपथ."

"काका, असा काय बोलता?"

"घे म्हणतो ना!"

"घेतली काका. वेलंकनी मावलीची शपत."

टेप संपली. पंढरीनाथांनी हेडफोन काढला नाही. त्यात आता काहीच ऐकू येत नव्हतं, तरी ते तसेच बसून राहिले. सगळे मिळून आपल्यापासून काहीतरी लपवताहेत हा संशय शंभर टक्के खरा ठरला होता. फक्त लपवायला सांगणारा मुख्य माणूस ते स्वतःच होते. त्यांना रडू आलं, आणि ते लहान मुलासारखे हमसून रडले.

"हिला सांगू नकोस," बऱ्याच वेळाने ते सुचेताला म्हणाले.

"काका, काकूंना वर्षभरापासून ठाऊक आहे. त्यांनीच मला सांगितलं," सुचेता म्हणाली. "तुमचा चष्मा फ्रीजमध्ये सापडतो, कोथिंबिरीत सापडतो. त्या तो गुपचूप जागेवर आणून ठेवतात."

त्या दिवशी घरी गेल्यावर ते गिरिजाबाईंसमोर जाऊन उभे राहिले. गिरिजाबाईंनी चेहऱ्याकडे एकदा पाहिलं आणि ओळखलं. "मला कळत नव्हतं होय?" त्या म्हणाल्या. "पस्तीस वर्षं संसार केलाय. त्या नाक्यावरनं मी काय उगाच हळूहळू चालत आले? पाठीमागे येताय ना, ते बघत आले." आणि मग मात्र इतके दिवस धरून ठेवलेलं सगळं त्यांच्या डोळ्यांतून वाहून गेलं.

"तू स्वयंपाकघरात विल्सनशी काय बोलायचीस?" पंढरीनाथांनी विचारलं. सवय ती सवय!

"त्याने कधी तोंड उघडलं असतं तर ना! शपथेचा पक्का. मीच सांगायचे त्याला, यांना चहा कमी साखरेचा दे आणि रिक्षात तूच बसव."

दुसऱ्या सकाळी दोघं भाईंदर पश्चिमेहून बस पकडून उत्तनला गेली. विल्सनचं घर चर्चच्या मागे. दारात त्याची आई मॅबेल परातीत सुके बोंबील निवडत होती. तिने यांना ओळखलं नाही, पण यांनी "विल्सन आहे का?" एवढं विचारताच ती परात टाकून उभी राहिली. "अगो माय! कप्तान आयला! आवाज तोच हाय! विल्सन, अरे विल्सन, भायेर ये!"

विल्सन हात पुसत बाहेर आला. भावाबरोबर जाळी शिवत होता. यांना पाहून तो थबकला.

"ये, काढ राग माझ्यावर," पंढरीनाथ म्हणाले. "शिव्या घाल. तुझा हक्क आहे."

"कसला राग काका? तुमीच बोललेला, मी भडकलो तरी बोलू नको म्हनून."

"मला नाही आठवत," पंढरीनाथ म्हणाले. "टेपवर ऐकलं. पण तुला आठवतंय ना, बस झालं." ते ओटीवर बसले. मॅबेलने पाणी आणलं, ते त्यांनी प्यायलं. मग विल्सनचा हात ओढून त्याला शेजारी बसवलं. "आता ऐक. शपथ सोडवायला आलोय तुझी. तुफानाचा भाग मला जमायचा नाही. पुढचे तर नाहीच. कुणीतरी दुसरा आवाज लावतील आणि लोक म्हणतील कप्तान बदलला. मला ते नकोय. कप्तान तू कर. पण माझाच कर. असा की कुणाला कळता कामा नये."

विल्सन मान हलवू लागला. "न्हाय काका. ते तुमचा हाय. मना चोर बोललाव तुमी, आणि आता मी खरोखर चोरी करू?"

"चोरी कसली गाढवा, मी देतोय ना!" पंढरीनाथ ओरडले. कितीतरी महिन्यांनी त्यांचा जुना, निखळ राग बाहेर आला होता. "हसताना श्वास आत घेतो का बाहेर सोडतो विचारत होतास ना? बाहेर सोडतो! पण आधी थोडा राखून ठेवतो. कर. करून दाखव. आत्ता."

विल्सन आईकडे बघू लागला. मग खाली मान घालून हसला. कप्तानाचं हसू.

"राखलास कुठे? परत!"

तो दिवस त्यांनी उत्तनच्या त्या ओटीवर काढला. त्यानंतरही विल्सन रोज नवघरला येत राहिला. काही दिवस पंढरीनाथ जीव ओतून शिकवायचे, काही दिवस दारातच "हा इथे कशाला आलाय?" म्हणून गिरिजाबाईंना विचारायचे. मग गिरिजाबाई म्हणायच्या, बोंबील घेऊन आलाय, आणि विल्सन मुकाट्याने बसून राहायचा. थोड्या वेळाने त्यांना आठवायचं, नाहीतर नाही आठवायचं. सुचेताने चॅनेलला काही कळवलं नाही. नावं द्यायची पद्धतच नव्हती, त्यामुळे कुणाला पत्ता लागायचा प्रश्न नव्हता.

तुफानाचा भाग लागला त्या दुपारी विल्सन मुद्दाम आला होता. गिरिजाबाई मेथी निवडत होत्या. पंढरीनाथ टीव्हीपुढे बशीत चहा ओतून बसले होते. पडद्यावर धक्क्यावर जमलेलं गाव दिसलं, वारा सुटला, आणि टकल्या कप्तानाने मान वर केली.

"रडाचा न्हाय," कप्तान म्हणाला. "समुद्र घेतो तवा घेतो. पन आज अजून त्याने काय सांगितला न्हाय. तवर दिवा चालू ठेवाचा. पोरगा वाट इसरला असल, त्याला दिवा दिसाया पायजेल."

विल्सनने श्वास रोखून धरला होता. गिरिजाबाईंचा हात मेथीतच थांबला. पंढरीनाथ पुढे वाकून, डोळे बारीक करून ऐकत होते. संशयाचा किडा वळवळतोय का काय, अशी दोघांना धास्ती.

सीन संपला. पंढरीनाथांनी बशी अलगद टीपॉयवर ठेवली. चहाचा एक थेंब सांडला नाही.

"ऐकलंस गिरिजा?" ते म्हणाले. चेहरा नुसता फुलून आला होता. "बघ, काय बोललोय मी!"

गिरिजाबाईंनी विल्सनकडे पाहिलं. त्याने मान वळवली होती.

"हो," त्या म्हणाल्या. "फार छान बोललात."

"फक्त त्या 'दिव्या'च्या आधी श्वास जरा लवकर घेतला मी," पंढरीनाथ म्हणाले आणि विल्सनकडे वळले. "तू होतास ना रे पाठीशी? हात लवकर ठेवलास."

"हो काका," विल्सन म्हणाला. "चुकला माजा. पुढच्या येळेला बरोबर ठेवीन."